उठलो, घरी चाललो

त्या दिवशी आजोबा घराबाहेर पडले ते फक्त चार फोटो काढायला. नव्या सिनेमाच्या स्टुडिओत आत जायचं तर गेटपास लागणार होता, आणि गेटपासला चार फोटो. काम पाच मिनिटांचं. "येताना दूध आणा," असं बायकोने आतूनच सांगितलं. त्यांनी पिशवीची घडी करून खिशात कोंबली आणि निघाले.

कोपऱ्यावरच्या फोटोवाल्याने त्यांना स्टुलावर बसवलं, बोटाने हनुवटी जरा वर केली आणि कळ दाबली.

"काका, डोळे मिटले तुम्ही. परत घेऊ."

परत घेतला.

"परत मिटले."

तिसऱ्या वेळी आजोबांनी डोळे इतके ताणले की त्यांना पाणी आलं. चौथा झाला, पाचवा झाला. सातव्या फोटोनंतर फोटोवाला पडद्याकडे न बघता त्यांच्या तोंडाकडेच बघत राहिला.

"काका, मी कॅमेऱ्यात बघतच नव्हतो आता. तुमच्याकडे बघत होतो. डोळे सताड उघडे होते तुमचे."

त्याने पडदा त्यांच्याकडे फिरवला. एका ओळीत सात फोटो. सातही फोटोंत डोळे बंद. माणसाची पापणी लवताना फोटो निघाला तर चेहरा कसा वेडावाकडा येतो, तसं यात काही नव्हतं. चेहरा शांत. जबडा किंचित सैल. दुसऱ्या कुणीतरी हाताने डोळे मिटवून द्यावेत, तसे ते मिटलेले.

आजोबांना तो चेहरा ओळखायला क्षणही लागला नाही. तो त्यांचा स्वतःचाच होता, त्यांनी छत्तीस वर्षं घासूनपुसून तयार केलेला. त्या चेहऱ्यावर त्यांचं घर चाललं होतं.

दूध आणायचं ते विसरले.

आता हे आजोबा कोण, ते सांगायला हवं. नातवंडं झाली म्हणून त्यांना आजोबा म्हणत असं नाही. बत्तिसाव्या वर्षी, एका सिनेमात नायकाच्या आजोबांचं काम करणारे गृहस्थ आयत्या वेळी आले नाहीत, तेव्हा कोपऱ्यात पत्र पोचवायच्या भूमिकेसाठी बसलेल्या या माणसाच्या डोक्याला पावडर फासून त्याला उभं केलं. काम इतकं चोख झालं की त्या दिवसापासून सगळी सिनेमावाली मंडळी त्यांना आजोबाच म्हणायला लागली. नायक त्यांच्याहून तीन वर्षांनी मोठा होता, तोही म्हणायचा.

पुढे सगळं तसंच आलं. ऑपरेशनच्या खोलीतून बाहेर येऊन मान हलवणारा डॉक्टर. लाच न घेणारा कारकून. मुलीचा बाप. आणि यातले बहुतेक मध्यंतराच्या आत मरायचे. नायकाला चिडायला काहीतरी कारण लागतं. ते कारण म्हणजे आजोबा. ते बुडून मेले, गोळी लागून मेले, जिन्यावरून पडून मेले, नुसत्या बातमीच्या धक्क्यानेही मेले. रस्त्यात माणसं त्यांना थांबवायची आणि कपाळाला आठ्या घालून म्हणायची, "तुम्हाला कुठेतरी मरताना पाहिलंय हो." नाव मात्र कुणाला आठवायचं नाही. एकशे सव्वीस वेळा मेलेला माणूस, पण पोस्टरवर एकदाही नाही.

बायको थट्टेत म्हणायची, "माझ्याइतक्या वेळा विधवा झालेली बाई दुसरी दाखवा. आणि एकदाही रडले नाही."

मरण्यात त्यांचा हात धरणारा कुणी नव्हता, हे खरं. नवखे नट मेल्यावर श्वास कोंडून धरतात आणि मग छाती फसकन हलते. आजोबा पाठीने श्वास घ्यायचे. छाती, पोट दगडासारखं स्थिर. श्वास उतरायचा तो पाठीत, खाली गादीकडे. कॅमेऱ्याला काही दिसायचं नाही. फक्त अगदी जवळ कान नेला तर गादी हळूच कुरकुरायची. एकदा... आणि बऱ्याच वेळाने पुन्हा एकदा.

आणि एक पद्धत होती. ती त्यांना भिंगमामांनी शिकवली. भिंगमामा म्हणजे जुने कॅमेरामन, आजोबांपेक्षा दहा वर्षांनी मोठे. गळ्यात सदानकदा भिंग अडकवलेलं असायचं म्हणून हे नाव. आजोबांच्या पहिल्या मरणाला कॅमेऱ्यामागे तेच होते. शॉट झाला, दिग्दर्शक "कट" म्हणाला, आजोबा उठून निघाले, तर मामा खेकसले, "ए, झोप परत! उठण्याचा शॉट व्हायचाय."

"तो कुठे लिहिलाय मामा?"

"लिहिलेला नसतो. कॅमेऱ्याने तुला मेलेलं पाहिलंय. आता तू उठलेलाही त्याला दिसला पाहिजेस. नाहीतर तो तेवढंच धरून बसतो."

मग कॅमेरा पुन्हा सुरू व्हायचा. मेलेल्या माणसाने डोळे उघडायचे, उठून बसायचं, सरळ भिंगात बघायचं आणि मोठ्याने म्हणायचं, "उठलो. घरी चाललो." बस, एवढंच. तो तुकडा सिनेमात कधी लागत नसे. निर्माते कुरकुरायचे, पण नको म्हणायची छाती कुणाची झाली नाही. एकशे पंचवीस वेळा आजोबा मेले आणि एकशे पंचवीस वेळा असे उठले.

एकशे सव्विसाव्या वेळी, या फोटोंच्या नऊ दिवस आधी, चूक झाली.

ती मालिका होती. तीन वर्षं चाललेली. त्यात आजोबा घरातले मोठे, आणि आता लेखकाला त्यांचं करण्यासारखं काही उरलं नव्हतं म्हणून एका दुपारी त्यांना पलंगावर मारायचं ठरलं. दिग्दर्शक कोवळा, घाईचा. आजोबा मेले. सून छातीवर डोकं ठेवून रडायला लागली. ती छान रडत होती, म्हणून दिग्दर्शक कॅमेरा चालूच ठेवून बसला. आणि अचानक सगळी वीज गेली.

स्टुडिओच्या आतला अंधार बाहेरच्यांना सांगून कळायचा नाही. बाहेर टळटळीत ऊन असतं आणि आत स्वतःचा हात दिसत नाही. खिडक्या असतात, पण त्यांच्यामागे भिंत असते. त्या अंधारात दिग्दर्शकाचा आवाज आला, "मिळालं सगळं, पॅक अप!" खुर्च्या सरकल्या. पावलं दाराकडे गेली.

"कट" कुणी म्हणालंच नाही.

आजोबा तसेच पडून होते. कट ऐकल्याशिवाय हलायचं नाही, हे छत्तीस वर्षांत त्यांच्या हाडात गेलेलं. किती वेळ गेला कोण जाणे. मग कपडेपटातला माणूस मोबाइलचा उजेड पाडत आला. "आजोबा, तीनदा वाजला तुमचा फोन."

त्यांनी तो मरणाच्या पलंगावर पडल्यापडल्याच घेतला. पलीकडे एक बाई होती. नवी दिग्दर्शिका. एका घड्याळवाल्याची गोष्ट होती, सबंध सिनेमा त्याच्यावरच. तीन महिन्यांपूर्वी आजोबा तिला भेटून आले होते आणि मग विसरायचा प्रयत्न करत होते.

"काका, घड्याळवाला तुम्हीच. आणि एक सांगू? तो शेवटपर्यंत मरत नाही."

आजोबा उठले. अनवाणीच पळाल्यासारखे बाहेर उन्हात आले. पलंगाखाली मालिकेतल्या चपला राहिल्या, त्या तपकिरी, लोकरीच्या. सगळ्यांच्या चपला एकसारख्या म्हणून कपडेपटवाल्याने त्यांच्या उजव्या चपलेला लाल दोरा बांधला होता. उठण्याचा शॉट राहिला. हे त्यांना दारातच आठवलं होतं, खोटं कशाला सांगू. पण आत अंधार, माणसं पांगलेली, त्या पोराला परत बोलवायचं म्हणजे... त्यांनी मनाशी म्हटलं, जाऊ दे.

आणि आता हे फोटो.

दुसऱ्या दिवशी भल्या सकाळी, दिग्दर्शिकेच्या ऑफिसातच, सिनेमाची चाचणी होती. आजोबांना घड्याळवाल्याचा कोट चढवला, खिडकीपाशी बसवलं, आणि त्यांनी पहिला प्रवेश केला. सगळा प्रवेश डोळ्यांचा होता. एक बाई नवऱ्याचं बंद पडलेलं घड्याळ घेऊन येते, आणि घड्याळवाला नुसता तिच्याकडे बघतो. आजोबांनी असं बघितलं की समोरच्या मुलीचे शब्द अडखळले. पण पडद्यावर बघणाऱ्या दिग्दर्शिकेचा चेहरा उतरला होता.

तिने त्यांना बोलावून दाखवलं. पडद्यावर कोटातला एक म्हातारा बोलत होता, हात हलवत होता, हातातलं घड्याळ कानाशी नेत होता. डोळे बंद. ओठ हलताहेत, आणि वरचा चेहरा मेलेला.

कॅमेरामनने भिंग बदललं, मग कॅमेराच बदलला. तेच.

"काका," दिग्दर्शिका हळू आवाजात म्हणाली, "मला कळत नाहीये हे. परवा सकाळी आणखी एक चाचणी घेऊ. पण तेव्हाही असंच आलं तर... निर्मात्यांनी दुसऱ्या एकांना थांबवून ठेवलंय. मी फार ताणू शकणार नाही."

आजोबा घरी आले आणि बायकोला पहिल्यापासून सगळं सांगितलं. ती भाजी चिरत होती. सुरी तशीच धरून ऐकत राहिली.

"त्या पोराला कटसुद्धा म्हणता येत नाही?"

"वीज गेली होती गं."

"तोंडाला काय वीज लागते? आणि तुम्ही? तुम्हाला नाही सांगता आलं, बाबा रे, माझा एक शॉट राहिलाय?"

"म्हटलं, जाऊ दे..."

"जाऊ दे!" तिने सुरी पाटावर आपटली. "छत्तीस वर्षं जाऊ दे! मोठी भूमिका दुसऱ्याला गेली, जाऊ दे. नावाच्या पाटीवरून नाव गळलं, जाऊ दे. अहो, हा माणूस शेवटपर्यंत मरत नाही म्हणालात ना तुम्ही? मग याला तरी नका जाऊ देऊ!"

आजोबा खाली मान घालून बसले होते. त्यांनी मान वर केली. लग्नाला चाळीस वर्षं झाली, पण त्या बाईने नवऱ्याचा असा चेहरा पाहिला नव्हता.

"नाही जाऊ देणार," ते म्हणाले.

भिंगमामा आता अठ्ठ्याहत्तरचे. हात थरथरतात, घरातल्या घरात काठी लागते. आजोबांनी तोंड उघडायच्या आत त्यांनी विचारलं, "कुठला राहिला?" मग सगळं ऐकून घेतलं आणि शिव्या दिल्या, चांगल्या पाच मिनिटं दिल्या. शेवटी दम लागून थांबले.

"कॅमेरा कुठलाही चालेल. पण पलंग तोच पाहिजे आणि जागा तीच. आहे का तो सेट अजून?"

फोन केला तर कळलं, मालिकेत आता त्या खोलीचं काम नाही. आज जेवणाच्या सुट्टीनंतर सुतार ती मोडणार आहेत.

रिक्षाने ते स्टुडिओत पोचले तेव्हा दुपारचा एक वाजला होता. उन्हात भिंती पांढऱ्या फटक दिसत होत्या. दाराशी मुख्य सुतार डबा खात बसला होता. आजोबांना बघून तो उठलाच.

"आजोबा! बरं झालं आलात. त्या तुमच्या डमीचं काय करायचं?"

"कसली डमी?"

"म्हणजे? तुम्हाला मारल्यावर पुढच्या सीनसाठी केली असेल ना. पलंगावर ठेवलीय, चादर घालून." सुताराने डब्याचं झाकण लावलं आणि आवाज खाली आणला. "सकाळी उचलायला गेलो. चौघांनी धरली. हलेना. मी म्हटलं, आत काय शिसं भरलंय का? आणि ती गादी... वाळवी लागलीय बहुतेक. मधूनच कुरकुरते."

भिंगमामांनी आजोबांचा दंड पकडला.

"आत दिवे लागतील?" मामांनी विचारलं.

"तोडली लाईन. एक हातदिवा देतो. मी येऊ सोबत?" हे विचारताना सुतार एक पाऊलही हलला नव्हता.

"नको," आजोबा म्हणाले. "तू जेव."

आत पाऊल टाकल्यावर पहिल्यांदा लागला तो वास. ओल्या प्लायवूडचा, सरसाचा, दिव्यांवर जळलेल्या धुळीचा. या वासात त्यांचं आयुष्य गेलं होतं, त्याची त्यांना कधी भीती वाटली नव्हती. पण त्याच्या खाली आज आणखी एक वास होता. मेकअपच्या पावडरीचा. बत्तिसाव्या वर्षी डोक्याला फासली होती, ती. ती कंपनी बंद होऊन वीस वर्षं झाली होती.

हातदिव्याच्या उजेडात दिवाणखाना मागे गेला. जिना, जो कुठेच जात नव्हता, मागे गेला. मग ती खोली आली.

पलंगावर चादरीखाली माणूस होता. गुडघ्यांचा उंचवटा, पोट, त्यावर जोडलेले हात, नाकाचं टोक. पलंगाखाली तपकिरी चपला, शेजारी शेजारी. उजवीला लाल दोरा.

दोघं उभे राहिले. मग गादी कुरकुरली. एकदा...

आजोबा मनात मोजत होते. आपण किती वेळ घेतो, त्यांना माहीत होतं. ते मोजत सतराला आले, आणि गादी पुन्हा कुरकुरली.

"पाठीने घेतोय," भिंगमामा कुजबुजले. "अरे, हा... हा कट व्हायची वाट बघतोय."

आजोबांच्या अंगावर सर्रकन काटा आला. पण काट्याच्या मागून आणखी काहीतरी आलं, आणि ते त्यांना अनोळखी होतं. तो राग होता. चादरीखाली जे काही पडलं होतं ते किती निमूट होतं! किती शहाणं! अंधारात टाकून सगळे निघून गेले, तरी हललं नाही, कुणाला हाक मारली नाही. कुणीतरी येईल आणि परवानगी देईल म्हणून दहा दिवस पडून होतं. आणि तेवढ्यासाठी त्याने त्यांचे डोळे धरून ठेवले होते.

"मामा, कॅमेरा लावा."

मामांनी आपला छोटा कॅमेरा तीन पायांच्या स्टँडवर चढवला. कानांना हेडफोन लावले. स्क्रू त्यांच्या बोटांतून तीनदा निसटला. हातदिवा त्यांनी खुर्चीवर ठेवला.

आजोबा पलंगाजवळ गेले. चादरीचं टोक धरलं. ती ओली असावी तशी जड होती. त्यांनी ती एका झटक्यात ओढली.

खाली कुणी नव्हतं. फक्त गादीत एक माणसाएवढा खड्डा, आणि उशीत डोक्याएवढा.

"झोपू नकोस रे त्यात," मामा म्हणाले. "चल, जाऊ आपण..."

"झोपल्याशिवाय उठायचं कसं, मामा?"

आणि ते त्या खड्ड्यात आडवे झाले. खड्डा त्यांच्या मापाचा होता. खांदे बसले, टाचा बसल्या. थंड होता, पण खरं सांगायचं तर बरं वाटलं. फार बरं. आता काही करायला नको होतं. चाचणी नको, दिग्दर्शिकेचा उतरलेला चेहरा नको, परवाची सकाळ नको. पापण्या आपोआप मिटल्या. जबडा सैल झाला. छाती थांबली आणि श्वास सवयीने पाठीत उतरला.

"चालू," मामांचा आवाज लांबून आला. "ऊठ आता."

ते उठले नाहीत.

उठायचं ठरवलं त्यांनी. पण अंग कट व्हायची वाट बघत होतं. छातीवर कुणीतरी डोकं ठेवलं होतं, सून ठेवायची तसं, पण ते रडत नव्हतं. त्याचं वजन वाढत होतं. मिटलेल्या पापण्यांतून हातदिव्याचा तांबूस उजेड दिसत होता, तो बारीक झाला, आणि गेला.

"दिवा गेला... ऐकतोस का? ऊठ. अरे ऊठ ना..." भिंगमामा रडकुंडीला आले होते. पन्नास वर्षं कॅमेऱ्यामागे काढलेला माणूस, पण दिग्दर्शकाचा तो शब्द त्यांच्याही तोंडी येईना. तो आपला नव्हे, हे त्यांच्याही हाडात होतं.

मग आजोबांना आपले सगळे मेलेले आठवले. बुडालेला, गोळी लागलेला, जिन्यावरून पडलेला. डॉक्टर, कारकून, मुलीचा बाप. दुसऱ्याने सांगितलं की पडायचं, दुसऱ्याने सांगितलं की उठायचं. एकशे सव्वीस मेले आणि एकानेही कधी स्वतःच्या तोंडाने म्हटलं नाही की आता पुरे. छातीवरचं वजन गळ्यापर्यंत आलं होतं. सैल पडलेला जबडा त्यांनी दाताला दात लावून बंद केला, आणि सगळी पाठ, सगळा कोंडलेला श्वास वर ओढला.

"कट!"

बाहेर उन्हात बसलेल्या सुताराच्या हातातून डबा पडला, असं त्याने नंतर सांगितलं.

"कट! माझा शॉट आहे, मीच म्हणणार! कुणाची हिंमत असेल त्याने झोपवून दाखवा मला!" अंधारात आजोबा ताडकन उठून बसले. छातीवरून काहीतरी घसरलं आणि जमिनीवर मऊ पडलं. कॅमेऱ्याचा तांबडा ठिपका समोर होता. त्यांनी त्यात डोळे रोखले आणि स्टुडिओचं छप्पर दणाणेल अशा आवाजात म्हणाले, "उठलो! घरी चाललो!"

हातदिवा फडफडला आणि लागला.

जमिनीवर नुसती चादर होती. भिंगमामा कानांवर दोन्ही हात दाबून उभे होते.

"झालं?" आजोबांनी विचारलं.

"झालं," मामा म्हणाले. त्यांनी ते हेडफोन काढले आणि लांब धरले, विंचू धरावा तसे. "पण... दोनदा आला आवाज. तू म्हणालास आणि मागोमाग... अगदी हळू..."

"काय?"

"तेच. उठलो. घरी चाललो."

आजोबांनी खाली वाकून बघितलं. पलंगाखाली चपला नव्हत्या.

परवाच्या चाचणीत पडद्यावर दोन डोळे उघडे होते. नुसते उघडे नव्हते. दिग्दर्शिका नंतर म्हणाली की तसं बघणारा माणूस तिने आजवर पाहिला नाही. गेटपासचे फोटो निघाले. सिनेमा सुरू झाला. एके दिवशी निर्मात्याने येऊन सुचवलं की शेवटी घड्याळवाला गेला तर प्रेक्षक रडतील. आजोबा खुर्चीतून उठले आणि निर्मात्याच्या समोर जाऊन उभे राहिले.

"तो मरणार नाही," ते म्हणाले. "मारायचाच असेल तर दुसरा बघा. मला ते काम येत नाही आता."

दिग्दर्शिका हसली. निर्मात्याने हात वर केले.

शेवटच्या दिवशी शेवटचा शॉट झाला. घड्याळवाला दुकानाबाहेर सकाळच्या उन्हात येतो आणि नुसता श्वास घेतो. छातीने. भरभरून. आजोबा दुपारी तीनला घरी आले, हातात दुधाची पिशवी घेऊन. त्या दिवशी विसरले होते म्हणून आज आठवणीने.

बायको स्वयंपाकघरात पाठमोरी होती. "आता का परत बाहेर गेलात? झोपला होतात ना?" तिने विचारलं. "घरात कशाला करता ते मेल्याचं सोंग? मी हाका मारतेय, आणि हे आपले..." ती वळली. त्यांच्या हातातली पिशवी बघितली. त्यांच्या पायातले बूट बघितले. मग तिची नजर त्यांच्या मागे, दारातल्या चपलांकडे गेली आणि तिचा हात तोंडावर गेला.

आजोबांनीही वळून बघितलं. दाराशी, नेहमी त्यांच्या चपला असतात त्या जागी, तपकिरी लोकरीच्या चपला होत्या. उजवीला लाल दोरा.

"तू इथेच थांब," ते म्हणाले.

"अहो, जाऊ द्या, आपण बाहेर..."

"जाऊ दे म्हणायचं नाही."

त्यांनी दूध ओट्यावर ठेवलं, बूट काढले आणि आतल्या खोलीत गेले. पडद्यातून दुपारचं ऊन पलंगावर पडलं होतं. पलंगावर कुणी नव्हतं. पण त्यांच्या बाजूच्या उशीत खड्डा होता, आणि चादर छातीपर्यंत ओढलेली. खोलीत पावडरीचा वास होता.

आजोबा पलंगाच्या कडेवर बसले. मग पाय वर घेतले आणि त्या खड्ड्यातच, आपल्या जागेवर, आडवे झाले.

"हे बघ," ते छताकडे बघत म्हणाले. आवाज अजिबात कापला नाही. "आलास तर आलास. तुलाही घर नाही दुसरं. पडून राहायचं तर खुशाल पडून राहा. पण उठायचं काम माझं. डोळे माझे. कळलं?"

दारात बायको उभी होती, ऐकत. आजोबांनी तिला बोटाने गप्प राहायची खूण केली आणि श्वास रोखून धरला. छातीचा, पोटाचा, पाठीचाही. सगळा.

मनात मोजायला लागले. पंधरा... सोळा...

सतराला गादी कुरकुरली.